बेला लुगोशी: झग्याच्या आतला हंगेरियन नट

तिसरी_घंटा

मंडळी, गेल्या पंधरवड्यात पावसाने आम्हाला घरात कोंडून घातलं होतं. लेकीला म्हटलं, चल, तुला खरा ड्रॅक्युला दाखवतो. १९३१चा, कृष्णधवल. ती नववीत आहे. पहिल्या दहा मिनिटांत ती दोनदा हसली आणि एकदा मोबाइल बघून आली. मग तो जिना आला.

ज्यांनी पाहिलाय त्यांना आठवेल. पडका गढीसारखा वाडा, भलामोठा दगडी जिना आणि हातात मेणबत्ती घेऊन उतरणारा माणूस. यजमान पुढे, पाहुणा रेनफिल्ड मागे आणि वाटेत जिन्याच्या रुंदीइतकं कोळ्याचं जाळं. यजमान जाळ्याच्या पलीकडे पोचलेला दिसतो, जाळं जसंच्या तसं. पाहुण्याला मात्र ते काठीने फाडावं लागतं. "बाबा, हा कसा गेला?" मोबाइल खाली! (त्याच वाड्यात आर्माडिलोही फिरतात. अमेरिकेतला हा चिलखती प्राणी ट्रान्सिल्व्हानियात काय करतो, ते विचारू नका.)

नंतर तिने जे विचारलं त्यावरून हा धागा काढतोय. "हा असा का बोलतो?"

असा म्हणजे कसा, तर शब्दाच्या सुरुवातीलाच सगळं वजन टाकायचं, मग शब्द ओढत न्यायचा आणि मध्येच एवढं थांबायचं की समोरच्याने घाबरावं. पाहुण्याला वाइन देताना 'मी पीत नाही' म्हणतो, तेव्हा 'वाइन' या शब्दाआधी तो जो थांबतो ना! आमच्या हौशी नाटकाच्या ग्रुपमध्ये कुणी एवढा थांबा घेतला असता तर प्रॉम्प्टरने विंगेतून वाक्य फेकलं असतं.

उत्तर शोधायला बसलो आणि गुंतलो. बेला लुगोशी म्हणजे ड्रॅक्युला, यापलीकडे मला काही ठाऊक नव्हतं. हा माणूस त्या शूटिंगच्या वेळी ४८ वर्षांचा झाला होता आणि त्याच्यामागे पाव शतकाहून जास्त रंगभूमी होती, हे कधी मनातच आलं नाही.

जन्म २० ऑक्टोबर १८८२. गाव लुगोश, तेव्हा हंगेरीत, आता रुमानियात. आडनाव ब्लाश्को. वडील बँकेत. ते लवकर गेले, पोराची शाळा सुटली, खाणीत आणि कारखान्यात कामं केली. हे मी थोडक्यात उरकतोय, कारण पुढे मुलाखतींत त्याने स्वतःच ते इतकं रंगवून सांगितलंय की कुठलं खरं आणि कुठला मसाला ते कळू नये.

विशीत फिरत्या नाटक मंडळ्यांत शिरला. आज ऑपेरेटा (हलकंफुलकं संगीत नाटक), उद्या शोकांतिका, परवा दुसरं गाव. सेगेद शहरात रोमिओ केला. १९११मध्ये बुडापेस्ट, १९१३मध्ये थेट राष्ट्रीय नाट्यगृह. पुढे अमेरिकेत जाहिरातवाल्यांनी ठोकून दिलं की तो तिथला आघाडीचा नायक होता. नव्हता. सेगेदला नायक असलेला माणूस राजधानीत आल्यावर बहुतेक छोट्या कामांवर होता. जिल्ह्याच्या गावात गाजलेल्या नटाचं मोठ्या शहरात काय होतं ते आपल्याला नवं नाही.

युद्ध आलं. राष्ट्रीय नाट्यगृहातल्या नटांना भरतीतून सूट होती, तरी हा गेला. रशियन आघाडीवर जखमी होऊन १९१६मध्ये परतला. १९१७पासून सिनेमे, पण आरिस्तिद ओल्त या टोपणनावाने. त्यातल्या एकाचा दिग्दर्शक मिहाय केर्तेस, जो पुढे हॉलिवुडात मायकेल कर्टिझ झाला आणि 'कॅसाब्लांका' करून बसला.

आता १९१९. माझ्या मते त्याच्या आयुष्याचा कणा इथे आहे, आणि लोक इथूनच पटकन पुढे सरकतात. युद्धात हरलेल्या हंगेरीत मार्चमध्ये बेला कुनचं कम्युनिस्ट सरकार आलं. टिकलं १३३ दिवस. त्या धामधुमीत आपला हा नट काय करत होता? नटांची युनियन बांधत होता. सभा घेत होता, लेख लिहीत होता. नट हा सर्वांत पिळल्या जाणाऱ्या कामगाराहूनही जास्त कामगार आहे, असं त्याचं म्हणणं. छोट्या कामांवर दिवस काढलेल्या, फिरत्या मंडळ्यांत राबलेल्या माणसाने हे लिहावं, यात मला पोज दिसत नाही, पोट दिसतं.

ऑगस्टमध्ये सरकार पडलं आणि धरपकड सुरू झाली. लुगोशी बायकोला घेऊन व्हिएन्नाला पळाला. बायको, इलोना, माहेरी परतली आणि घटस्फोट झाला. तो पुढे बर्लिनला गेला, तिथे सिनेमे मिळाले. जर्मन दिग्दर्शक मुर्नाऊच्या १९२०च्या एका सिनेमात तो बटलर होता. तो सिनेमा आज हरवलाय. त्याच वर्षाच्या शेवटी मालवाहू जहाजावर खलाशी म्हणून चढला आणि न्यू ऑर्लिन्सला उतरला. वय ३८. खिशात इंग्रजी नाही.

नटाजवळ काय असतं हो? शरीर आणि भाषा. या माणसाची अर्धी पेटी बंदरावरच राहिली.

न्यूयॉर्कमध्ये हंगेरियन स्थलांतरितांची नाटकं केली. १९२२मध्ये 'द रेड पॉपी' हे पहिलं इंग्रजी नाटक मिळालं आणि त्याने ती भूमिका अर्थ न कळता नुसती ध्वनीने पाठ केली. पाच वर्षांनी, ५ ऑक्टोबर १९२७ला, फुल्टन थिएटरमध्ये 'ड्रॅक्युला' उघडलं. २६१ प्रयोग झाले. मग दौरे, मग सिनेमा. सिनेमा काढणाऱ्या युनिव्हर्सल स्टुडिओला तो मुळात नकोच होता. नट लॉन चेनीचं नाव बोललं जायचं, तो ऑगस्ट १९३०मध्ये गेला, इतरही नावं चर्चेत होती. लुगोशी मागे लागला आणि शेवटी आठवड्याला ५०० डॉलरवर तयार झाला. सात आठवडे, ३५०० डॉलर. ज्या भूमिकेवर स्टुडिओने पुढे पिढ्यान्‌पिढ्या कमाई केली, तिचा हा भाव.

लेकीला शेवटी सांगितलं की तो असा बोलतो कारण त्याच्या मातृभाषेत प्रत्येक शब्दाचा आघात पहिल्या अक्षरावरच येतो. त्याने इंग्रजीही तसंच लावलं. माझं म्हणणं असं की त्याला ड्रॅक्युला मिळाला तो या उच्चारामुळे आणि त्यानंतर दुसरं काही मिळालं नाही तेही या उच्चारामुळेच. तुम्हाला काय वाटतं?

आळशी_बोका

पहिला! वाचनखूण साठवली. सविस्तर नंतर. आर्माडिलोंसाठी परत बघणार.

पिंपळपान

लेख आवडला. एक भाषिक पुरवणी. हंगेरियनमध्ये एकट्या 'एस'चा उच्चार श होतो आणि 'एस-झेड'चा स. म्हणून लुगोशीच बरोबर. धागाकर्त्याने 'लुगोसी' लिहिलं नाही याबद्दल आभार. शिवाय तिकडे आडनाव आधी: लुगोशी बेला.

आता गंमत. शेवटचा 'ई' म्हणजे 'त्या गावचा'. लुगोश गावचा तो लुगोशी. म्हणजे आपल्याकडचा सरळसरळ 'कर'. ब्लाश्को घराण्यातल्या पोराने रंगभूमीसाठी गावाचं नाव लावलं. सुरुवातीला शेवटी 'वाय' लावायचा, त्याने आडनावाला सरदारी थाट येतो. मग तो सोडून साधा 'आय' घेतला.

आळशी_बोका

बेलाराव लुगोशकर! मेलो.

गोट्या_सातारकर

एक बारीक चूक काढू का, तिसरी_घंटा? लुगोश ट्रान्सिल्व्हानियात नाही. ते बनात प्रांतात येतं, ट्रान्सिल्व्हानियाच्या पश्चिमेला. तुम्ही तसं लिहिलेलं नाही, पण युट्यूबवरचे सगळे 'ड्रॅक्युलाच्याच गावचा ड्रॅक्युला' म्हणून नाचतात. स्टुडिओने त्या काळी हेच विकलं.

बाकी लेखाशी सहमत नाही. मी हा सिनेमा मोठ्या अपेक्षेने पाहिला आणि मला झोप आली. लुगोशी वाईट नट होता असं माझं स्पष्ट मत आहे. डोळे वटारायचे, बोटं वाकडी करायची, हळू बोलायचं. याला अभिनय म्हणायचं तर आमच्या गावच्या जत्रेतला राक्षसही ऑस्करला पाठवा. हलके घ्या.

विंगेतला_मी

गोट्याभाऊ, हलकं घेतलं, पण उत्तर देणार.

मी बेळगावचा, चाळीस वर्षं हौशी नाटकात. आधी झग्याबद्दल. ती उंच उभी कॉलर दिसते ना, तिचा जन्म भीती घालण्यासाठी झालेला नाही. इंग्लंडमध्ये हे नाटक बसवताना ड्रॅक्युलाला सगळ्यांच्या डोळ्यांदेखत गायब करायचं होतं. बाकीची पात्रं त्याला धरतात, तो प्रेक्षकांकडे पाठ करतो, उंच कॉलरमुळे डोकं दिसत नाही, आणि नट खालच्या झडपेतून निसटतो. हातात उरतो रिकामा झगा. शंभर वर्षं जगभरची पोरं जी कॉलर वर करून हिंडतात, ती रंगमंचावरची एक सोय आहे!

दुसरं, ध्वनीने पाठांतर. मी एका नाटकात कानडी बोलणाऱ्या पोलीस पाटलाचं काम केलं होतं. बेळगावात राहून कानडी येत नाही म्हणून शरम वाटायची, पण नव्हती येत. सहा वाक्यं देवनागरीत तळहातावर लिहून घोकली. तिसऱ्या प्रयोगाला समोरच्याने एक वाक्य खाल्लं. मला ते कळलंच नाही. मी त्या न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर देऊन मोकळा. अर्थ ठाऊक नसला की नट समोरच्याचं ऐकत नाही, आपली पाळी मोजत बसतो. सहा वाक्यांत माझी ही गत. लुगोशीने अख्खं नाटक काढलं आणि समीक्षकांनी त्याचं कौतुक केलं. वाईट नटाला हे जमत नाही.

एक गैरसमज मात्र पसरलाय की 'ड्रॅक्युला'ही त्याने अर्थ न कळता पाठ केला. तसं नाही. ती गोष्ट १९२२च्या नाटकाची. १९३०पर्यंत त्याला इंग्रजी चांगलं येत होतं.

तिसरी_घंटा

विंगेतला_मी, कॉलरची माहिती भन्नाट. आमच्या वेशभूषावाल्या बाईंना पाठवली.

गोट्या, 'राष्ट्रीय नाट्यगृह' या शब्दाकडे लक्ष द्या. ती अभिनयाची जुनी, पल्लेदार पद्धत होती: शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा आवाज, पूर्ण बाहूने केलेला हातवारा. बोलपट आला तेव्हा बरेच नट कॅमेऱ्यासाठी आवाज खाली आणायला शिकले. लुगोशीने खाली आणला नाही, संथ केला. डोळे त्याचे होतेच, पण त्यांवर नेमके दोन छोटे झोत टाकले ते छायालेखक कार्ल फ्रॉइंडने. आणि बघा, त्या संपूर्ण सिनेमात त्याचे सुळे एकदाही दिसत नाहीत. रक्ताचा ओघळ नाही, पार्श्वसंगीत जवळपास नाही. भीती कशावर उभी आहे? एका माणसाच्या चालण्या-बोलण्यावर.

तरी झोप आली असेल तर तक्रार मान्य. दुसरा अर्धा भाग मलाही रटाळ वाटतो. लंडनला पोचल्यावर सिनेमा दिवाणखान्यात बसकण मारतो, नाटकाचा वास जात नाही.

तुम्हाला एक गृहपाठ: 'सन ऑफ फ्रँकेन्स्टाइन', १९३९. त्यात तो इगोर आहे. फाशी देऊनही वाचलेला, मान मोडून वाकडी जुळलेला, दाढीवाला. तो ही मान दाखवतो आणि तिच्या हाडावर टकटक करतो. झगा नाही, सरदारी नाही, लबाड, विनोदी, दुखावलेला म्हातारा. स्टुडिओने त्याला थोडक्यात आणि स्वस्तात गुंडाळायचं ठरवलं होतं, दिग्दर्शक रोलंड लीने त्याचं काम वाढवत नेलं. बघा आणि मग सांगा.

खिडकीतलं_ऊन

धागा उत्तम, पण उच्चाराचा मुद्दा मला अर्धाच पटतो.

पॉल लुकास आठवा. हाही हंगेरियन, लुकाच पाल. बुडापेस्टच्या रंगभूमीवर गाजलेला, विसाच्या दशकाच्या अखेरीस हॉलिवुडात आलेला. उच्चार शेवटपर्यंत गेला नाही. त्याला 'वॉच ऑन द ऱ्हाइन'साठी १९४३चं सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं, तेही बोगार्ट 'कॅसाब्लांका'साठी स्पर्धेत असताना. त्या 'कॅसाब्लांका'त तर हंगेरियन मेळाच भरलाय: दिग्दर्शक कर्टिझ, शिवाय पीटर लोरी आणि गुबगुबीत वेटर झालेला साकाल. सगळ्यांचे उच्चार वेगळे, सगळ्यांना काम.

मग लुगोशीलाच का नाही? मला वाटतं, पहिलं कारण भयपट हा प्रकार, आणि दुसरं तो स्वतः. 'ड्रॅक्युला'नंतर लगेच त्याच्याकडे 'फ्रँकेन्स्टाइन' आला होता. चेहऱ्यावर जाड मेकअप, तोंडी एक शब्द नाही, असलं राक्षसाचं काम त्याला नकोसं होतं. त्याने नाकारलं की स्टुडिओनेच बाजूला केलं, यावर आजही वाद आहे. झालं एवढंच की ते बोरिस कार्लॉफला गेलं आणि कार्लॉफ रातोरात मोठा झाला. पुढे दोघं एकत्र आले की पाटीवर कार्लॉफ वर. शिवाय लुगोशीचा हात सढळ. १९३२मध्ये, म्हणजे 'ड्रॅक्युला' येऊन दोन वर्षं व्हायच्या आत, दिवाळखोरीचा अर्ज. मग येईल ते काम, मिळेल त्या भावात.

तिसरी_घंटा

लुकासचा मुद्दा बिनतोड. मी तो विसरलो होतो असं म्हणणं खोटं होईल, मी तो सोयीने बाजूला ठेवला होता.

पण बघा, लुकासला ऑस्कर मिळालं ती भूमिका कुठली? नाझींविरुद्ध लढणारा जर्मन माणूस. म्हणजे तिथेही परक्या उच्चाराला परकंच काम. युद्धाने तसल्या सभ्य परक्या माणसाला मागणी आणली. लुगोशीचा परका सभ्य नव्हता, एवढाच फरक. 'निनोच्का'त (तोही १९३९) त्याला एक प्रसंग मिळालाय, रशियन कमिसारचा. समोर ग्रेटा गार्बो. झगा नाही, नेहमीचे कपडे, टेबलामागे बसलेला रुक्ष अधिकारी. छान करतो. १९१९च्या त्या १३३ दिवसांमुळे देश सोडावा लागलेल्या माणसाला कमिसार करायचं, हा योग कुणी मुद्दाम जुळवला नसणार.

आणि १९४३चं 'फ्रँकेन्स्टाइन मीट्स द वूल्फ मॅन' घ्या. जो राक्षस नको होता तोच साठीच्या तोंडावर करावा लागला. मूळ पटकथेत या राक्षसाला वाचा होती आणि तो आंधळा होता. लुगोशीने तसं काम केलं, हात पुढे करून चाचपडत चालला. मग राक्षसाच्या तोंडून ते हंगेरियन इंग्रजी ऐकून स्टुडिओतले लोक हसले म्हणे. सगळे संवाद कापले, आंधळेपणाचा उल्लेखही कापला गेला. पडद्यावर उरला कारण नसताना हात पुढे करून चालणारा राक्षस. आज कुठलंही पोर फ्रँकेन्स्टाइनची नक्कल करताना हात पुढे करतं, ती एका आंधळ्या माणसाची चाल आहे हे कुणाला माहीत नसतं.

उच्चाराचा मुद्दा मी पूर्ण सोडत नाही तो यासाठी.

अर्धाकप_चहा

ऊनताई आणि तिसरी_घंटा, दोघांचंही वाचते आहे. पण युनियनचं पुढे काय झालं? की अमेरिकेत आल्यावर गप्प बसला?

खिडकीतलं_ऊन

नाही बसला. १९३३मध्ये अमेरिकेत चित्रपट नटांची संघटना, स्क्रीन ॲक्टर्स गिल्ड, निघाली, त्यात तो अगदी सुरुवातीच्या सदस्यांपैकी. एकदा युनियनपायी देश सोडावा लागलेल्या माणसाने दुसऱ्या देशात परत तेच करावं! दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतल्या हंगेरियन लोकांच्या फॅसिस्टविरोधी परिषदेचं अध्यक्षपदही त्याच्याकडे होतं. मायदेशी मात्र तो कधी परतला नाही.

त्याच्या वाईट काळात नटांच्या मदतनिधीचाच आधार झाला. १९३६नंतर भयपट बंद पडल्यासारखे झाले. स्टुडिओचे मालक बदलले, ब्रिटनमध्ये या सिनेमांना विरोध वाढला होता. लुगोशीला काम नाही, घर गेलं. जानेवारी १९३८मध्ये मुलगा झाला, तेव्हा इस्पितळाचा खर्च निधीतून भागवला गेला. त्याच ऑगस्टमध्ये लॉस एंजेलिसच्या एका अडचणीतल्या थिएटरने 'ड्रॅक्युला', 'फ्रँकेन्स्टाइन' आणि 'सन ऑफ काँग' एका तिकिटात लावले. रांगा लागल्या. युनिव्हर्सलला जाग आली आणि त्यातून तो इगोर निघाला.

रात्रपाळी

मी बुडापेस्टला कामानिमित्त चार वर्षं होतो, म्हणून लिहितो.

तिथल्या सिटी पार्कमध्ये वायदाहुन्याद नावाचा किल्ला आहे. किल्ला कसला, सेटच. १८९६मध्ये देशाच्या हजाराव्या वर्षाच्या प्रदर्शनासाठी लाकूड आणि पुठ्ठ्याचा उभारला, देशभरातल्या इमारतींचे तुकडे जोडून. लोकांना इतका आवडला की नंतर दगडात बांधला. त्याचा एक भाग ट्रान्सिल्व्हानियातल्या खऱ्या हुन्याद किल्ल्याची नक्कल आहे.

त्याच्या बाहेरच्या भिंतीत एका कोनाड्यात लुगोशीचा छोटासा अर्धपुतळा आहे. मी तीनदा तिथून गेलो आणि तीनदा चुकलो, चौथ्यांदा सापडला. कोटाची कॉलर, टाय, चेहरा गंभीर. नगरपालिकेने बसवलेला नाही. एका जर्मन शिल्पकाराने २००३मध्ये परवानगी न घेता तो तिथे ठेवून दिला. कुणी काढला नाही. ऑफिसातल्या हंगेरियन सहकाऱ्याला उत्साहाने फोटो दाखवला, तर तो म्हणाला, "हा आमचा आहे?" त्याच्या आजीला कदाचित माहीत असेल म्हणाला.

गोट्या_सातारकर

गृहपाठ केला. इगोर पाहिला.

शब्द मागे घेतो. सगळे नाही, निम्मे. ती मान ठोकून दाखवतो तिथे मी हसलो आणि लगेच कसंतरी झालं. एवढं करून घेता येत असताना लोकांनी त्याला झग्यात कोंबलं, याचा राग आला. ड्रॅक्युलात मात्र अजूनही झोप येते.

अर्धाकप_चहा

मी शेवटची वर्षं वाचली आणि वाईट वाटलं. सायटिकाच्या दुखण्यावर मॉर्फिन घेता घेता व्यसन लागलं. १९४८मध्ये ॲबट-कॉस्टेलो या जोडगोळीच्या विनोदी सिनेमात पुन्हा ड्रॅक्युला झाला. पडद्यावर त्याने ही भूमिका खरी दोनदाच केली, हे मला माहीतच नव्हतं. मग १९५१मध्ये इंग्लंडच्या गावोगावी 'ड्रॅक्युला' नाटकाचा दौरा. लंडनच्या मुख्य रंगभूमीवर पोचायचं होतं, पोचला नाही. जिथून सुरुवात केली तिथेच आला की, रोज नवं गाव आणि बांधलेली बॅग.

एप्रिल १९५५मध्ये तो स्वतः होऊन सरकारी इस्पितळात दाखल झाला आणि व्यसनाबद्दल उघडपणे बोलला. त्या काळात हॉलिवुडमधलं कुणी असं करत नव्हतं. ऑगस्टमध्ये बाहेर आला आणि त्याच महिन्यात लग्न केलं, पाचवं! आत असताना जी चाहती पत्रं पाठवायची तिच्याशीच. वर्षभरात, १६ ऑगस्ट १९५६ला, गेला.

आळशी_बोका

दिग्दर्शक एड वूडचं कुणी काढलंच नाही? 'प्लॅन ९ फ्रॉम आउटर स्पेस'! लुगोशी गेल्यावर त्याची थोडीशी उरलेली रिळं वापरून अख्खा सिनेमा काढला, आणि बाकी प्रसंगांत वूडने स्वतःच्या बायकोच्या मालिशवाल्या डॉक्टरला उभं केलं, चेहऱ्यापुढे झगा धरून. डॉक्टर उंचीने केवढा, केसांचा रंग काय, काही म्हणून जुळत नाही. जगातला सर्वांत वाईट सिनेमा म्हणून मित्रांसोबत पाहिला होता, पोट धरून हसलो.

विंगेतला_मी

बोकोबा, तुमच्या हसण्यावर आक्षेप नाही. पण त्या उरलेल्या रिळांत एक तुकडा आहे, तो परत बघा. म्हातारा घरातून बाहेर येतो, फूल तोडतो, हुंगतो, टाकून देतो आणि फ्रेमच्या बाहेर जातो. एका शब्दाचा संवाद नाही. बाकी सिनेमा कचरा आहे, मान्य. पण तेवढ्या वेळात तो काम करतोय. नट सुटीवर नाही.

१९९४च्या 'एड वूड'मध्ये मार्टिन लँडाउने लुगोशी केला आणि ऑस्कर घेतलं. सुंदर काम. पण त्या सिनेमातला एकटा, शिवराळ म्हातारा खऱ्या माणसाशी जुळत नाही, असं त्याच्या मुलाचं म्हणणं होतं. त्यात मुलगा नाही, पाचवी बायको नाही. एकटेपणा दाखवायला माणसं गाळावी लागली.

निशिगंधा_एलए

उशिरा आले. आम्ही लॉस एंजेलिसला, कल्व्हर सिटीच्या जवळच राहतो, त्यामुळे लुगोशीला पुरलं ती होली क्रॉस दफनभूमी गाडीने दहा मिनिटांवर. हा धागा वाचून शनिवारी सासूबाईंना घेऊन गेले. त्या पुण्याहून आल्या आहेत, म्हणाल्या, "परदेशात येऊन स्मशानं काय बघायची?" पण आल्या.

एक दुरुस्ती करते, अजून कुणी लिहिलं नाही पण कुणीतरी लिहिणार. झग्यात पुरावं अशी त्याची शेवटची इच्छा होती, असं सगळीकडे सांगतात. तसं काही नव्हतं. तो निर्णय मुलगा आणि चौथी बायको लिलियन यांचा. आणि तोच मुलगा पुढे वकील झाला. वडिलांचा ड्रॅक्युलाचा चेहरा युनिव्हर्सल वस्तूंवर छापून विकत होतं, म्हणून वारसांनी खटला भरला. १९७९मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयात ते हरले. त्याने हयातीत स्वतः तसा धंदा केला नव्हता, तेव्हा तो हक्क त्याच्याबरोबरच संपला, असं न्यायालयाने म्हटलं. नंतर राज्याने कायदाच केला आणि १९८५पासून मृत कलाकारांच्या चेहऱ्यावर वारसांचा हक्क आला. आज इथल्या दिवंगत नटांच्या घरच्यांना त्याचा फायदा मिळतो.

कबर शोधायला वेळ लागला. हिरवळीत जमिनीलगत बसवलेली साधी पाटी आहे, चालताना पाय पडेल अशी. शेजारी गायक बिंग क्रॉस्बी, तिथे गर्दी. लुगोशीच्या पाटीवर नाव, १८८२–१९५६ आणि खाली 'लाडके बाबा' अशा अर्थाचे दोन शब्द. ड्रॅक्युलाचा उल्लेख नाही. कुणीतरी प्लॅस्टिकचं वटवाघूळ ठेवलं होतं. सासूबाईंनी ते उचलून बाजूला ठेवलं, पदराने पाटीवरची माती पुसली आणि म्हणाल्या, "गाव कुठलं म्हणालीस याचं?"

पिंपळपान

लुगोश. आडनावातच आहे, काकूंना सांगा.